काठावरची केझाया

केझाया कालव्यावरच्या लॉकवर, बोटी चढवायच्या-उतरवायच्या दरवाजांपाशी, कधी रिकाम्या हाताने गेली नाही. कधी दुधाचा जग, कधी ओल्या कपड्यांची टोपली, शरद सुरू झाला की ब्लॅकबेरी खुडायचा डबा. शेजारणींना वाटायचं, बाई फार कामसू. पण दिवसातून तीन-तीनदा हिचं कालव्यापलीकडे काय काम असतं, हे कुणालाच सांगता आलं नसतं. पलीकडे एक कुरण होतं आणि त्यात दुसऱ्याच कुणाच्या गाई. केझाया पूल ओलांडायची, कुरणाच्या फाटकाला हात लावायची आणि परत फिरायची. जाता-येता नजर पाण्यावर असायची, पण पाय थांबायचे नाहीत. थांबलं आणि बघत राहिलं, की माणूस गाँगूझलर होतो.

हा शब्द शाळेत शिकवत नाहीत. लंडनमधल्या शिकल्यासवरल्या माणसाला विचारलं तर तो हसून पुन्हा एकदा म्हणायला सांगेल. शब्द बोटवाल्यांचा, कोळसा, गहू, लाकूड लादून या अरुंद कालव्यांवरून पिढ्यान्‌पिढ्या ये-जा करणाऱ्यांचा. आपला बघ्या त्याच्या जवळपास जातो. पण बघ्या जमायचा तर अपघात तरी व्हावा लागतो, नाहीतर भांडण. गाँगूझलरला काहीही घडावं लागत नाही. बोट आली, दरवाजा उघडला, पाणी खाली गेलं, एवढं त्याला पुरतं. पुलाच्या कठड्यावर कोपरं टेकायची, तोंड जरासं उघडं ठेवायचं, आणि समोरची बाई दोर ओढून घामाघूम झाली तरी हात पुढे करायचा नाही.

ज्याने दोर झेलला, दरवाजाला पाठ लावली, तो त्या दिवसापुरता तरी गाँगूझलर राहत नाही. पाद्रीबुवा गाँगूझलर. रविवारच्या टोप्या घालून येणारे सगळे गाँगूझलर. लॉककीपरची बायको आठवडाभर नसते, पण रविवारी खुर्ची बाहेर टाकून बसली की असते. शब्द रागाने फेकता येतो, लाडानेही येतो. पोरांना दटावायला तर रोजच लागतो: ‘गाँगूझलरसारखा बघतोस काय, दोर घे!’ फक्त बोटीवरच्या मोठ्या माणसाला तो तोंडावर म्हणायचा नाही. बोटवाला चोर असेल, दारुडा असेल. तेवढं म्हटलेलं चालतं.

आणि बोट सोडून काठावर राहायला आलेल्या माणसाला? त्याला तो कधीपासून लागू होतो? केझायाला हे कुणी सांगितलं नव्हतं, आणि विचारायची तिला भीती वाटत होती.

ज्या हिवाळ्यात कालवा आठवडेच्या आठवडे गोठून पडला, त्याच हिवाळ्याने तिला काठावर आणलं. बर्फात अडकलेल्या बोटींचा माल लॉऱ्यांनी नेला. बर्फ वितळलं, पण तो माल परत आला नाही. कंपनीने बोटी विकल्या. केझायाचा नवरा जेबेझ गावातल्या बुटांच्या कारखान्यात लागला आणि त्यांना लॉकच्या चढणीपासून हाकेच्या अंतरावर सरकारी घर मिळालं. दोन खोल्या खाली, दोन वर, आणि नळ. जेबेझ पहिल्या दिवशी नळ सोडून नुसता बघत बसला होता. थंडीत दोर ओढून ओढून त्याची बोटं आखडली होती; ती आता ऊन पाण्यात सोडली की त्याचा चेहरा लहान मुलासारखा व्हायचा. मागच्या तुकड्यात त्याने घेवड्याचे वेल चढवले. शेजाऱ्यांमध्ये तो घेवडा वाटून टाकायचा, आणि तेही त्याला नावाने हाक मारायचे.

केझायाला मात्र घर अंगावर यायचं. ती बोटीच्या केबिनमध्ये जन्मली, केबिनमध्येच तिने संसार केला. बसल्या जागेवरून हात लांब केला की चूल, चहा, पाव, नवरा, सगळं हाताला लागायचं. इथे एक कप आणायला खोली ओलांडावी लागे. खिडकीतलं झाड काल होतं तिथेच आज असायचं. घर हलत नव्हतं म्हणून ती सामान हलवायची. सोमवारी टेबल खिडकीशी, बुधवारी भिंतीशी. जेबेझ कामावरून आला की दारातच विचारायचा, “आज मी कुठे बसतो?”

“तिकडे, कपाटाजवळ.”

“कपाट कुठंय?”

त्याची ती थट्टा होती. तिला हसू यायचं नाही.

तिची थोरली बहीण रोझॅना अजून पाण्यावर होती. नवरा वारल्यावरही तिने जोडी सोडली नव्हती. जोडी म्हणजे पुढे इंजिनाची बोट आणि मागे तिने ओढलेली बिनइंजिनाची, तिला बटी म्हणत. पुढच्या बोटीवर रोझॅना, बटीच्या सुकाणूवर तिची मुलगी थर्झा. उत्तरेकडून कोळसा भरून लंडनला जाताना आणि रिकामं परतताना त्यांना ही चढण लागायचीच. कालव्याला चढ लागला की दोन बाजूंच्या दरवाजांमधल्या हौदात बोट कोंडायची आणि आत पाणी भरून वर घ्यायची, नाहीतर सोडून खाली. असे सहा लॉक इथे एकापाठोपाठ होते. बोटी भेटीगाठींसाठी थांबत नसत. हौद भरेपर्यंत जे बोलून होईल तेवढंच बहिणींचं बोलणं.

ऑगस्टच्या अखेरीस त्या अशाच खाली उतरत होत्या. केझाया अंडी आणायला निघाली होती, निदान टोपली तरी होती हातात. तिने टोपली गवतात ठेवून दरवाजाच्या दांड्याला पाठ लावली.

“काय गं, कोंबड्या पलीकडे गेल्या वाटतं?” रोझॅना ओरडली.

“तू तुझं इंजिन बघ. खोकतंय.”

“मीही खोकते. म्हणून काय विकतेस मला? बरं ऐक, थर्झीचं ठरलं. कॉव्हेंट्रीचा गवंडी आहे.”

“काठावरचा?”

“मग गवंडी काय पाण्यावर भिंती बांधणार? पोरगं बरंय. खातं भरपूर. नाताळाआधी लग्न.”

पाणी उतरत होतं. रोझॅनाचा चेहरा हळूहळू केझायाच्या पायांखाली जात होता. केझायाने वाकून विचारलं, “आणि बटीवर कोण?”

“मिळेल कुणीतरी.”

केझाया थांबली. दुसरं वाक्य येईल असं तिला वाटलं. खालून फक्त इंजिनाचा ठोका येत राहिला.

“ब्राउन्स्टनला एक पोरगी आहे म्हणतात,” रोझॅना म्हणाली. “नाहीतर बघू. तुला काय, तुझं बरं झालं. नळ आहे, गादी आहे.”

बटीवरून थर्झा हसत म्हणाली, “मावशी, खालून अशी दिसतेस ना! टोपली काय, अ‍ॅप्रन काय. आता पक्की गाँगूझलर झालीस!”

पोरगी थट्टेनेच बोलली होती. लग्न ठरलेल्या मुलीला सगळ्यातच गंमत दिसते. पण केझाया बहिणीकडे बघत होती. एरवी अशा शब्दाला रोझॅनाने थर्झाच्या डोक्यात ओला दोर घातला असता. आज नाही. दोराची गाठ नीट होती, तरी तिने ती सोडून पुन्हा बांधली.

अंडी आली नाहीत. त्या संध्याकाळी जेबेझने पावाला चरबी लावून खाल्लं आणि म्हणाला, “विचार ना तिला सरळ. ‘मला घे’ म्हण.”

“तिला दिसत नाही?”

“दिसत असेल. पण मी इथे आहे ना. बहिणीचा संसार मोडला, असा ठपका कोण स्वतःच्या तोंडाने ओढवून घेईल?”

“तू येशील?”

जेबेझने हात दिव्याखाली धरले. बोटं पुरती सरळ होत नव्हती. “मी नाही यायचो, केझी. तू जा. एक खेप जा, दोन जा. मी घेवडा राखीन.” मग हात मागे घेत म्हणाला, “पण तू गेलीस तर परत यायची नाहीस, हे मला माहीत आहे.”

ती उठली आणि टेबल ओढायला लागली. त्याने ताट उचलून हातात धरलं आणि तिला ओढू दिलं.

सप्टेंबरातल्या एका शनिवारी लॉककीपर मिस्टर बिडल कुंपणावरून सांगून गेले, रोझॅनाची जोडी कोळसा भरून निघाली आहे, उद्या दुपारपर्यंत इथे पोचेल. केझायाने त्याच क्षणी ठरवलं. विचारायचं नाही, दाखवायचं. सहाच्या सहा लॉक आधीच तयार करून ठेवायचे. दरवाजे उघडे, पाणी खाली. बोट खालून यावी आणि आत शिरावी. बोटवाले त्याला ‘चांगला रस्ता’ म्हणतात. आधी पुढे धावून असा रस्ता करून देणारं माणूस जोडीवर असलं की अर्धा दिवस वाचतो. ब्राउन्स्टनच्या पोरीला हे जमणार होतं थोडंच.

रविवारी ऊन होतं. पुलांवर माणसंच माणसं, सँडविचं, सायकली. केझायाने पेटीच्या तळातून पाणी सोडायच्या झडपा उचलायचं लोखंडी हँडल काढलं आणि पाठीमागे पट्ट्यात खोचलं. खालून इंजिनाचा तो खोकला ऐकू आला आणि तिचं अंग आपोआप कामाला लागलं. पहिला लॉक. हँडल अडकव, फिरव, झडप वर, पाणी घोंघावत बाहेर. दरवाजाला पाठ, टाच दगडाच्या उंचवट्यावर, रेट. दुसरा लॉक. ती धावत होती. बूट ओले झाले, केस सुटले, तिला कशाचं भान नव्हतं. वर्षभरात पहिल्यांदा तिच्या दोन्ही खांद्यांना आपण कशासाठी आहोत ते कळत होतं.

तिसरा लॉक वळणावर आहे. तो काठोकाठ भरलेला होता आणि त्याचा वरचा दरवाजा सताड उघडा. दिसलं तिला. मनात आलं, असतील कुणी सहलीवाले, दरवाजे लावायची अक्कल नसते यांना. तिने दांडा ओढून दरवाजा लावला आणि पळत खालच्या झडपांकडे आली.

पुलावर घडीच्या खुर्चीत एक म्हातारे गृहस्थ बसले होते, मांडीवर रुमाल, रुमालावर सफरचंद. ते ओरडले, “अहो बाई! वरून बोट येतेय!”

गाँगूझलर सदा काहीतरी ओरडत असतात. बोट बुडतेय, दोर तुटतोय, बदक चिरडलं. केझायाने मान वर केली नाही.

“बाई, खरंच येतेय हो! या वळणामागे!”

तिने झडप उचलली. हौद रिकामा होऊ लागला.

तिने चार पावलं वर जाऊन वळणापलीकडे नजर टाकली असती तर पुरे होतं. ईनॉक टर्वीची जोडी लंडनहून लाकूड भरून उतरत होती. दोन्ही बोटी कडेला कड लावून बांधलेल्या, आणि पुढचा दरवाजा उघडा आहे हे ठाऊक असल्याने ईनॉकने वेग कमी केलेला नव्हता. त्याची बायको सबाइना स्वतः चालत येऊन तो लॉक भरून, उघडून गेली होती. नेमकी तेवढ्यात ती वरच्या लॉकचे दरवाजे लावायला परत गेली होती. केझायाने तो तसाच सोडला असता तर ईनॉक खाली आला असता, रोझॅना वर, मधल्या पाण्यात दोघं एकमेकांना शिव्या देत गेले असते आणि दोघांनाही रस्ता चांगला मिळाला असता.

वळणावर ईनॉकला बंद दरवाजा दिसला. त्याने इंजिन उलटं फिरवलं. भरलेल्या बोटी अशा थांबत नाहीत. दोन्ही मिळून आडव्या झाल्या आणि बटीचं मागचं टोक दगडी भिंतीवर आपटलं. आधी लाकडाचा आवाज झाला, मग आतून, केबिनमधून, दुसराच एक बारीक आवाज. तो काय आहे हे पुलावर कुणाला कळलं नाही. केझायाला कळलं. कडेला जाळी असलेल्या, रिबीन ओवून भिंतीला टांगलेल्या चिनी मातीच्या बशा. प्रत्येक बोटवालीकडे असतात. आई मरताना मुलीला देते.

सबाइना धावत आली, केबिनमध्ये शिरली आणि लवकर बाहेर आली नाही.

ईनॉक काठावर उतरला. सत्तरीचा माणूस, रागाने चालणंही विसरला होता. “कुणी चोरला माझा लॉक? कुणी?” दुसऱ्याने स्वतःसाठी भरून ठेवलेला लॉक रिकामा करणं म्हणजे बोटवाल्यांत चोरीच.

केझाया हँडल धरून उभी होती. पूल गच्च भरला होता. खालून रोझॅनाही आली. दुसऱ्या लॉकमध्ये बोटी थर्झावर सोडून ती आवाजाच्या दिशेने धावत आली होती. तिने रिकामा हौद बघितला, लावलेला दरवाजा बघितला, बहीण बघितली. सांगायला काही उरलं नव्हतं.

ईनॉकने केझायाला वरून खाली न्याहाळलं. धुतलेला अ‍ॅप्रन, दुकानातले बूट. त्याचा आवाज एकदम उतरला. राग गेला नाही, पण ज्याच्यावर काढायचा ते माणूसच समोर नाही असं त्याला वाटलं.

“बाई, तुम्ही काठावरच्या ना?” तो म्हणाला. “मदत करायला गेला असाल. असंच असतं तुमचं. गाँगूझलरच्या हाती हँडल दिलं की असंच व्हायचं. जा घरी. तुम्हाला काय बोलणार.”

सुटका समोर ठेवलेली होती. मान खाली घालून ‘चुकलं हो’ म्हणायचं आणि पूल ओलांडायचा. ईनॉकने दोन दिवस बडबड केली असती आणि विसरला असता. काठावरच्यांचं कुणी मनावर घेत नाही. रोझॅनाची नजर तिला तेच सांगत होती: गप्प बस, जा. आणि केझायाला हेही कळत होतं, की आपण गप्प बसलो तर बटीवरची जागा अजूनही आपल्याला मिळू शकेल.

“मी काठावरची नाही,” केझाया म्हणाली.

“म्हणजे?”

“एबल ड्रेपरची मुलगी मी. केबिनमध्ये जन्मले. उघडा दरवाजा काय सांगतो ते मला कळतं. मी वळणापलीकडे बघितलं नाही. लॉक तुमचा होता, ईनॉककाका, आणि तो मी चोरला.”

ईनॉकने टोपी मागे सारली. मग त्याने तोंड सोडलं. तिच्या बापापासून सुरुवात केली. एबल ड्रेपरने आयुष्यात कुणाच्या वाटेचं थेंबभर पाणी घेतलं नाही, आणि त्याच्या पोटी ही अवदसा. बोट चालवायला अक्कल लागते, ती काय बुटांच्या कारखान्यात गहाण टाकलीस? डोळे आहेत की केबिनच्या दाराला मारलेले खिळे? पुलावरच्या बायांनी पोरांचे कान झाकले. केझायाने खाली बघितलं नाही. एकेक शब्द तिने अंगावर घेतला. तिच्याशी असं कुणी बोलून वर्ष झालं होतं.

“भर परत,” ईनॉक दमल्यावर रोझॅना म्हणाली. एवढंच.

केझायाने खालच्या झडपा पाडल्या आणि वरच्या उचलल्या. हौद पुन्हा काठोकाठ भरला. सबाइना बाहेर आली, अ‍ॅप्रनच्या ओच्यात तुकडे घेऊन. ती केझायासमोर थांबली. “माझ्या आजीच्या होत्या,” म्हणाली. आवाज चढला नव्हता. केझायाला तेवढं एकच वाक्य झेलता आलं नाही.

ईनॉकची जोडी खाली गेली. मग रोझॅनाची वर आली. हौद भरत असताना बहिणी पुन्हा समोरासमोर होत्या.

“जायचं होतंस निमूट,” रोझॅना म्हणाली.

“गाँगूझलर म्हणून?”

“काय बिघडलं असतं? शब्दच तो. मी ठरवलं होतं तुला विचारायचं. आज. वरच्या टोकाला पोचल्यावर.”

केझायाने दांडा घट्ट धरला.

“आता नाही घेता येणार,” रोझॅना म्हणाली. “ईनॉक रात्रीपर्यंत ब्राउन्स्टनला पोचेल, तिथे बोटवाल्यांचा तळच आहे, उद्या सगळ्या कालव्याला कळेल. लॉकचोर माझ्या बटीवर आहे म्हटल्यावर मला कोण रस्ता सोडेल? जो तो माझ्या तोंडावर दरवाजे लावेल. मी एकटी बाई, केझी. मला परवडायचं नाही.”

“माहीत आहे.”

“माहीत होतं आणि तरी बोललीस?”

केझायाने दांड्याला पाठ लावली. पाणी वर आलं होतं. तिने दरवाजा रेटला. थर्झा बटीवरून तिच्याकडे बघत होती, आणि आज तिला थट्टा सुचत नव्हती.

वर अजून तीन लॉक होते. केझाया पुढे निघाली. रोझॅनाने तिला थांबवलं नाही. प्रत्येक लॉकच्या आधी ती पुढे जाऊन वाट मोकळी आहे का बघायची, मग मागे येऊन झडपा उचलायची. शेवटच्या लॉकवरून जोडी सुटली आणि कालव्याच्या बोगद्याच्या दिशेने गेली. रोझॅनाने मागे वळून बघितलं नाही. सुकाणूवरचा माणूस पुढेच बघतो.

घरी जेबेझने विचारलं, “काय झालं?” तिने सगळं सांगितलं. त्याने ऐकून घेतलं, तिचे ओले बूट चुलीपाशी नेऊन ठेवले आणि म्हणाला, “म्हणजे आता तू राहणार.” त्याला बरं वाटलं होतं आणि ते लपवता येत नव्हतं, म्हणून तो घेवड्याकडे निघून गेला.

थर्झाचं लग्न झालं. ब्राउन्स्टनची पोरगी बटीवर आली. हिवाळा गेला. केझायाने सामान हलवायचं सोडलं नाही.

एप्रिलमध्ये एक अनोळखी जोडी चढण चढत होती. केझाया काठच्या वाटेने चालली होती. बटीच्या सुकाणूवर एक तरणी बाई होती, कडेवर पोर. तिने केझायाला नीट निरखलं आणि मोठ्याने हाक दिली, “ए, एबल ड्रेपरची तूच का गं? लॉकचोर! आमच्यासाठी ठेवलायस का एखादा, की सगळे घरी नेलेस?”

केझाया थबकली. गाँगूझलर नव्हे, चोर म्हणत होती ती. मग तिने कमरेवर हात ठेवले. “तू आधी ती बोट सरळ चालव! सुकाणू धरलंयस की गाईचं शेपूट? आणि पोराला टोपी घाल, वारा आहे!”

“घालते गं, चोरटे!” तरणी बाई खदखदून हसली. बोटी पुढे सरकल्या, पाणी काठाला येऊन लागलं आणि परत गेलं.

केझाया निघाली. जेबेझच्या चहाची वेळ झाली होती आणि ते तिला ठाऊक होतं. तरी ती घराकडे वळली नाही. बोट गेली त्या बाजूला, पुढच्या लॉककडे, ती चालत राहिली, आधी हळू, मग भराभर.